चाल पारंपरिक नाही

मुंबई सोडून मी रत्नागिरीला कायमची राहायला आले तेव्हा माझं वय पंचावन्नच्या पुढे गेलेलं होतं. दोन ट्रंका एस.टी.च्या टपावर टाकल्या. बाजाची पेटी मात्र टाकू दिली नाही. कंडक्टरशी भांडून ती माझ्या पायाशी ठेवली आणि तिला पाय लावणाऱ्या प्रत्येकाला हटकत इथवर आले.

मांडवीतल्या आमच्या घरी धाकटा भाऊ, भावजय आणि त्यांचा संसार होता. वडील गलबतावर तांडेल होते. ते जाऊन बरीच वर्षं झाली होती आणि आई नुकतीच गेली होती. समुद्राच्या बाजूची खोली मी मागून घेतली. भावानं कुरकुर केली नाही. पहिल्याच आठवड्यात त्यानं फक्त एक प्रश्न विचारला.

"ताई, लोक विचारतात, बहीण मुंबईत काय करायची. मी काय सांगू?"

"संगीत दिग्दर्शक होती म्हणून सांग."

"मग ते विचारतात, कुठला पिक्चर?"

"नाव सांग की."

"सांगितलं गो. पण तो कुणी बघितलेलाच नाही."

तो सरकारी कचेरीत नोकरीला होता. त्याला खोटं बोलता येत नसे, आणि खरं बोलायची त्याला लाज वाटत होती. मी त्याला म्हटलं, "कुणी बघितला नाही म्हणून तो झाला नाही असं होत नाही." तो मान हलवून कामाला निघून गेला.

माझी हकिगत तशी लांबण लावण्यासारखी नाही. वडील गलबत घेऊन मुंबईला जायचे आणि एका खेपेला त्यांनी तिथून जुनी पेटी आणली. घरात भजन होतं, त्यामुळे बोटं लवकर बसली. महायुद्ध नुकतंच संपलं होतं तेव्हा गिरगावातल्या मावशीकडे मला शिकायला पाठवलं. शिक्षण राहिलं बाजूला. मावशीच्या शेजारच्या बाई स्टुडिओत कोरसमध्ये गात, त्यांच्याबरोबर मी एकदा गेले आणि तिथलीच झाले. कोरसमध्ये उभी राहून मला सगळ्यांच्या ओळी पाठ व्हायच्या, व्हायोलिनच्यासुद्धा. हे एका बड्या संगीतकारांच्या लक्षात आलं आणि त्यांनी मला सहायक म्हणून घेतलं.

त्यांचं नाव मी घेणार नाही. आधीच पुष्कळ झालंय, माझ्या तोंडून त्यात आणखी भर कशाला? ते सकाळी यायचे, कधी मुखड्याची ओळ घेऊन, कधी नुसताच खोकला घेऊन. अंतरा मी बांधायची. गायिकेला गाणं मी शिकवायची. वादकांत गोव्याचे बरेच असत. त्यांना कागदावर उतरवून द्यायचं तेही मी बघायची. रेकॉर्डिंगच्या दिवशी ते मधे उभे राहून हात हलवत. लोक म्हणत, काय अंतरा बांधलाय! ते म्हणत, "देवाची कृपा." देव म्हणजे मी, खिडकीजवळच्या स्टुलावर बसलेली.

मग एका लहान निर्मात्याचा मराठी बोलपट आला. बडे संगीतकार त्याला परवडत नव्हते म्हणून तो माझ्याकडे आला. गोष्ट किनाऱ्यावरच्या गावातली होती. सगळं ठरल्यावर तो चाचरत म्हणाला, "नावाची नुसती आद्याक्षरं घालू या का? म्हणजे बाई आहे ते लोकांना कळायचं नाही."

मी म्हटलं, "नाव पूर्ण येईल. नाहीतर चाली परत घेते."

नाव पूर्ण आलं. पडद्यावर ते मी एकटीनं, तिकीट काढून, मागच्या रांगेत बसून बघितलं.

त्यात एक गाणं होतं. खलाशाची बायको तिन्हीसांजेला बंदरावर उभी आहे आणि सगळी गलबतं आली, तिच्या माणसाचं आलेलं नाही. 'सांज उतरली बंदरावरी, अजून शीड का दिसेना.' चाल बांधताना मला काही शोधावं लागलं नाही. आई मांडवीच्या बंदरावर तशीच उभी राहायची. ती बोलायची नाही, नुसती गुणगुणायची. म्हणून दोन अंतरे झाल्यावर मी एक बिनशब्दांचा तुकडा घातला. गायिका नुसती 'अं' म्हणत खालच्या सुरातून वर चढते आणि वर पोचल्यावर तिथेच थांबते, परत येत नाही. निर्माता म्हणाला, गाणं अर्धवट वाटतं. मी म्हटलं, माणूस आलेला नाही, गाणं पूर्ण कसं होईल? सिनेमात तो तुकडा राहिला. रेकॉर्ड मात्र तीन मिनिटांची निघायची, तिच्यातून तो कापला.

बोलपट एक आठवडा चालला. गिरणगावातल्या एका थिएटरला लागला होता, पुढच्या शुक्रवारी उतरला. पडला तो नायकामुळे. प्रेमाच्या प्रसंगात तो विजेच्या खांबासारखा उभा राहायचा. पण आमच्या धंद्यात बोललं गेलं ते असं, की बाईचा हात लागला म्हणून पडला. पुरुषांनी संगीत दिलेले ढिगानं पडत होते. त्यांच्याबद्दल कुणी म्हटलं नाही की पुरुषाचा हात लागला.

बड्या संगीतकारांनी निरोप धाडला, "परत या. तुमचं स्टूल तुमची वाट बघतंय." मी गेले नाही. सरकारी माहितीपटांना पार्श्वसंगीत दिलं, नाचाच्या वर्गांना पेटी वाजवली, शिकवण्या केल्या. दुसरा बोलपट कुणी दिला नाही. लग्न केलं नाही, कारण करावंसं वाटलं नाही. इतकंच आहे.

रत्नागिरीत आल्यावर मी परतले आहे हे गावच्या संगीतप्रेमी मंडळींना कळलं. त्यांच्या मंडळाचे दोन कार्यकर्ते घरी आले. खादीचे झब्बे, नम्र माणसं. त्या बड्या संगीतकारांवर कार्यक्रम ठेवला होता.

"तुम्ही त्यांच्या सहवासात होता. त्यांच्या आठवणी सांगाल का?"

"माझ्या सांगते," मी म्हटलं. "त्यात ते येतील."

"तसं नाही. म्हणजे त्यांची प्रतिभा, त्यांचा स्वभाव..."

"त्यांच्या कोणत्या गाण्याची चाल कुणाची आहे, तेही सांगेन."

चहा संपवून ते उठले. त्यानंतर मला निमंत्रणच आलं नाही. भावजय भली बाई, ती म्हणाली, "वन्सं, चार गोड शब्द बोलला असता तर काय बिघडलं असतं?" मी म्हटलं, "त्या चार शब्दांतच माझी वीस वर्षं गेली."

पुढच्या शिमग्याला आतल्या एका गावचे खेळे शहरात आले. आमच्याकडे शिमग्यात खेळे घरोघर येतात; त्यांच्या खेळाला नमन म्हणतात. अंगात पायघोळ झगे, डोक्याला पागोटी, गळ्यात मृदंग, आणि काळ्या कपड्यांतला, उंच टोपी आणि पांढरी दाढी लावलेला संकासूर पोरांना घाबरवत पुढे. दुपारची वेळ होती. मी खोलीत पडले होते. बाहेर खळ्यात, म्हणजे अंगणात, आधी गण झाला, मग साडी नेसलेले दोघे पुरुष गवळणीला उभे राहिले.

'सांज उतरली यमुनेवरी, अजून कान्हा का दिसेना...'

मी उठून बसले. वाटलं, कानात भरलंय काहीतरी. मग दुसरी ओळ आली, आणि तिच्या शेवटी सूर जिथे वळायला हवा तिथेच वळला. ते वळण मी गिरगावातल्या खोलीत, भिंतीला टेकून बसून, पुन्हा पुन्हा मोडून बांधलेलं होतं.

मी तशीच बाहेर आले. पुढे मृदंग वाजवणारा होता, खेळ्यांचा म्होरक्या, पन्नाशीकडे आलेला, काटक माणूस. गवळण संपायचीही वाट मी बघितली नाही.

"ही चाल कुणाची?"

"आमची," तो म्हणाला. "गावची."

"बांधली कुणी?"

"बांधली म्हंजे? बापजाद्यांपास्नं चालत आलीय. पारंपरिक हाय."

"ही चाल माझी आहे."

सगळे हसले. संकासूर तर दाढी हातात धरून हसला. मी आत जाऊन पेटी ओट्यावर आणली आणि मूळ गाणं म्हणायला सुरुवात केली. मुखडा, पहिला अंतरा, दुसरा अंतरा. हसणं थांबलं. भावजय नारळ आणि तांदळाचं सूप घेऊन दारात उभीच्या उभी. मला वाटलं, आता काय बोलायचं राहिलं?

म्होरक्यानं मृदंगावरचा हात काढला आणि शांतपणे म्हणाला, "मंग तुमीच आमची चाल पिक्चरात घातलीत."

पुन्हा हशा. या वेळी शेजारपाजारचेही हसले. माझ्या अंगाचा तिळपापड झाला.

"ताई, सणाचा दिवस आहे," भाऊ माझ्या कानाशी आला. "जाऊ दे ना. एक चाल ती काय!"

"माझ्याकडे तेवढीच आहे," मी म्हटलं. "नेऊ कशी देऊ?"

जाताना म्होरक्या म्हणाला, "बाई, पटत नसंल तर आमच्या गावात या. म्हाताऱ्यांना इचारा."

त्यानं ते टोमणा म्हणून म्हटलं होतं. मी म्हटलं, "येते."

आणि गेले. शिमगा उलगडल्यावर एका सकाळी एस.टी. पकडली, फाट्यावर उतरले आणि उन्हातून कातळ तुडवत गावात पोचले. भावानं आदल्या दिवशी समजावून बघितलं होतं, मग बायकोकरवी समजावून बघितलं, शेवटी छत्री दिली.

म्होरक्या मला बघून चपापला. पण आलेल्या बाईला पाणी न देता परत धाडायची कोकणात रीत नाही. त्यानं गूळपाणी दिलं, देवळाच्या सभामंडपात चटई टाकली आणि चार जाणती माणसं बोलावली. गिरण्या बंद पडल्यापासून मुंबईचे बरेच पुरुष गावीच होते, तेही जमले. बायका भिंतीकडेला बसल्या.

मी म्हाताऱ्यांना विचारलं, "ही चाल तुम्ही कधीपासून ऐकता?"

"कदीपास्नंच," एकजण म्हणाला.

"लहानपणी ऐकलेली आठवते?"

तो विचारात पडला. "लानपनी... आसंल. नाय कशाला आसंल?"

दुसरा म्हणाला, त्याच्या लग्नात होती. तिसरा म्हणाला, नव्हती. त्यांचा आपसांतच वाद लागला आणि मला कळलं की इथे माझा निवाडा व्हायचा नाही. तेव्हा मी म्हटलं, "बरं. मी गाते. तुमच्या चालीत नाही असा एक तुकडा माझ्या गाण्यात आहे. तो ऐका, मग काय म्हणायचं ते म्हणा."

पेटी नव्हती. उन्हानं घसा सुकला होता. तरी गायले. दोन अंतरे झाले आणि मी तो बिनशब्दांचा तुकडा सुरू केला. अर्ध्यावर पोचले असेन, भिंतीकडून आवाज आला.

"थांब गो बाय. थांब जरा."

साठीच्या आसपासची, पांढऱ्या कपाळाची बाई होती. म्होरक्याची थोरली वहिनी.

"ह्ये तुला कुठं गावलं?" तिनं विचारलं.

"मीच बांधलंय."

"आमचे ह्ये वाजवायचे. शिट्टीवर." ती दिराकडे वळली. "तुला याद नाय? रजेवर आले का आंब्याखाली बसून वाजवायचे. मी म्हनायची, तिन्हीसांजेला शिट्टी नको, सरपं येतात."

 म्होरक्याच्या थोरल्या भावाबद्दल मग तीच बोलली. नवरा गिरणीत कामाला होता, खोलीवर गावच्या माणसांबरोबर राहायचा. एका वर्षी शिमग्याला आला तो ही गवळण घेऊन आला आणि ती त्यानं खेळ्यांना शिकवली. शब्द त्याचे स्वतःचे होते. म्होरक्या तेव्हा नुकता खेळ्यांत उभा राहायला लागला होता. थोरल्या भावानं शिकवलं म्हणजे ते जुनंच असणार, असं तो धरून चालला होता.

"त्यांनी शिनेमा बघितलानी व्हता," ती म्हणाली. "पाळी सुटली का रोज जायचे म्हने, थेटरातनं उतरंस्तवर. मी रागावली. म्हटलं, पैशे काय वर आलेत? तर म्हनाले, त्यात एक बाय हाय, तुझ्यासारखी वाट बघती."

मी त्यांना सांगितलं, रेकॉर्डवर तो तुकडा नव्हताच. रेडिओवर कधी लागलाच नाही. ज्यानं त्या एका आठवड्यात थिएटरात बसून बोलपट बघितला त्यालाच तो ठाऊक असणार.

 मला रडू वगैरे आलं नाही. उलट असा राग आला की बसवेना. ज्यांनी मला सांगितलं की तुझा बोलपट कुणी बघितला नाही, त्या सगळ्यांचा राग. गिरणीतला एक माणूस दिवसभर उभा राहून काम करून रोज तो बघत होता, आणि ज्या चालीला धंद्यातली मंडळी पनवती म्हणत होती ती चाल या गावानं देवीसमोर नाचवली होती. हे मला कुणी कळवलं नाही. कळवणार कसं, रेकॉर्डवर कुणाचं नाव बघायचं हे त्यांना तरी कुठे ठाऊक होतं?

"मंग आता काय?" म्होरक्या शेवटी म्हणाला. "गवळन बंद करू?"

"बंद कशाला? नीट म्हणा. तो तुकडा घाला. आणि चाल कुणाची विचारलं तर माझं नाव सांगा."

"नमनात बाईचं नाव नाय घेत."

"तुमची ग्रामदेवी कोण? बुवा आहे का?"

भिंतीकडच्या बायकांत खसखस पिकली. एक म्हातारा म्हणाला, देवीला कौल लावा. म्होरक्यानं हात जोडले. "मी नाय लावनार. उजवा दिलान तर गाव माझ्यावर उठंल, डावा दिलान तर ह्या बाई."

त्या दिवशी एवढंच झालं. मे महिन्यात मिरजोळ्याच्या औद्योगिक वसाहतीत सत्यनारायणाची पूजा होती, तिथे या गावची काही पोरं कामाला होती, आणि त्यांनी गावचं नमन ठरवलं होतं. तो काही देवीपुढचा शिमग्याचा मांड नव्हे. तिथे तुकडा घालून बघू, बाईंनी तालमीला यावं, असं ठरलं. नावाचं मात्र कुणी कबूल केलं नाही.

मी तालमीला जाऊ लागले. पेटी डोक्यावर घेऊन कातळ ओलांडायला म्होरक्या स्वतः फाट्यावर यायचा आणि सबंध वाट एक शब्द बोलायचा नाही. तो ठेक्याला पक्का होता. लय तसूभरही इकडची तिकडे होऊ द्यायचा नाही. पण गवळणीला उभे राहणारे दोघेही पुरुष त्या तुकड्याला वर चढले की फाटायचे. आवाज खाली घेतला तर तुकडा मरायचा. चार तालमी झाल्या. शेवटी मी वहिनीला म्हटलं, "तुम्ही म्हणा."

"मी?" ती घाबरलीच. "मी रांडाव बाय. चार मानसांत उभी ऱ्हाऊ?"

"उभ्या राहू नका. माझ्याशेजारी बसा."

"मला लोकांच्या तोंडाकडं बघून नाय व्हायचं."

म्होरक्या तालीम टाकून बाहेर गेला. मला वाटलं, संपलं. पण तो परत आला तेव्हा आपल्या वहिनीकडे न बघता म्हणाला, "दादाची चाल हाय. तिला म्हनायची तर म्हनू दे."

"माझी चाल आहे," मी म्हटलं.

"ऱ्हाऊ दे वो तुमची!" तो खेकसला, आणि पोरं हसली.

मिरजोळ्याला संध्याकाळी मैदान भरलं होतं. कामगार, त्यांच्या बायका, पुढच्या खुर्च्यांवर साहेब मंडळी. भाऊ आणि भावजयही आली होती. भाऊ मागे, खांबाच्या आडोशाला. मी पेटी घेऊन मृदंगाच्या मागच्या बाजूला बसले आणि वहिनी माझ्याशेजारी, लोकांकडे पाठ करून. डोक्यावरून पदर घट्ट ओढलेला. बाईमाणूस नमनाच्या रंगमंचावर बघून पुढच्या रांगेत कुजबुज चालली होती.

निवेदन करायला वसाहतीतला एक सुपरवायझर होता. हातात कागद. गण झाल्यावर तो माइकसमोर आला आणि मोठ्यानं म्हणाला, "आता ऐका, पारंपरिक चालीवरची गवळण!"

मी उठले. गुडघे धरले होते, तरी उठले आणि त्याच्या हातातून माइक घेतला.

"चाल पारंपरिक नाही," मी म्हटलं. "चाल माझी आहे. एका बोलपटासाठी मी ती बांधली. तो पडला. यांच्या गावचा एक गिरणी कामगार ती चाल गावी घेऊन आला आणि शब्द त्यानं घातले. त्याची बायको इथे बसलीय." आणि मग मी माझं नाव सांगितलं, वडिलांच्या नावासकट, पूर्ण.

मैदानातून कुणीतरी ओरडलं, "बाई, बसा खाली! खेळ होऊ दे!"

"बसते. पण तुम्ही ऐकलंत ना?"

खुर्चीवरचा एक साहेब सुपरवायझरला बोटानं बोलावत होता. सुपरवायझर माझ्याकडे आणि साहेबांकडे आळीपाळीनं बघत होता. तेवढ्यात म्होरक्यानं मृदंगावर अशी थाप मारली की माइक कुईं करून वाजला. ती मला गप्प करायला होती की गाणं सुरू करायला, हे मी त्याला कधीच विचारलं नाही. मी झटकन बसले आणि सूर धरला.

गवळण रंगली. दोघे नाचले छान. दुसरा अंतरा संपला, नाच थांबला, आणि वहिनीनं सुरुवात केली. आवाज शिकलेला नव्हता, किंचित कापत होता, आणि सुरुवातीला ती जरा खालीच लागली. मी पेटी हलकी केली आणि तिला तिच्या जागेवरून चढू दिलं. ती चढली. वर जाऊन थांबली. मी सिनेमात गायिकेकडून जितका वेळ थांबवून घेतलं होतं त्याहून कितीतरी जास्त ती थांबली, श्वास संपेपर्यंत. मैदानात मागे एक पोर रडत होतं, तेवढाच आवाज.

मग टाळ्या झाल्या. पुढच्या रांगेतले काहीजण आधीच उठून गेले होते. त्यांना नमन आवडत नव्हतं की मी, ते कळायला मार्ग नाही.

नंतर व्हायचं ते झालं. गावात बैठक बसली. बाईनं भर खेळात माइक हिसकावला, गावाची शोभा झाली, असं बोललं गेलं. म्होरक्यानं मला निरोपही पाठवला नाही. शहरातही चर्चा झाली. भावाच्या कचेरीत कुणीतरी त्याला म्हणालं, तुझ्या बहिणीला प्रसिद्धीची हौस दिसते. भावानं मला हे जेवताना सांगितलं. मी विचारलं, "तू काय म्हणालास?"

"म्हटलं, हौस नाही, हक्क आहे." आणि आमटी मागून घेतली. आयुष्यात पहिल्यांदा तो माझ्या बाजूनं बोलला होता, आणि बोलून झाल्यावर थोडा घाबरलेला दिसत होता.

गणपती होऊन गेल्यावर म्होरक्या मांडवीला आला. नव्या तांदळाचे पोहे आणले होते. ओट्यावर बसला, घाम पुसला, पाणी प्यायला.

"दुसरी गवळन बांधून द्याल?" तो म्हणाला. "पुढल्या शिमग्याला."

"नाव?"

त्यानं मोठा श्वास सोडला. "मंडळाचा फलक नवीन करताव. त्याच्यावर टाकू. 'संगीत : मांडवीच्या बाई.'"

"पूर्ण नाव."

"अवो, फलक केवढा तो!"

"अक्षरं बारीक काढा."

आम्ही दुपारभर घासाघीस केली आणि पूर्ण नाव ठरलं. रंगाऱ्यानं आडनावाचा काना खाल्ला, ते मी तिथल्या तिथे, देवळाच्या पायरीवर बसून, त्याच्याकडून दुरुस्त करून घेतलं.

त्यानंतर दरवर्षी मी त्यांच्यासाठी चाली बांधल्या. गण, गवळणी, वगातली पदं. सिनेमात मला एक बोलपट मिळाला होता, इथे दर शिमग्याला एक मिळू लागला, आणि तो आठवडाभरात उतरत नव्हता. त्यांचं मुंबईतलं मंडळ तिकीट लावून प्रयोग करू लागलं, तेव्हा मी दोनदा जाऊन आले. आजूबाजूच्या गावांनी चाली उचलल्या. तेही त्या चालींना पारंपरिकच म्हणतात. मला कळलं की मी जाते आणि सांगते. काही ठिकाणी ऐकून घेतात, एका ठिकाणी कुत्रं अंगावर सोडलं. वहिनी पुन्हा कधी गायली नाही. मी पुष्कळ सांगितलं. ती म्हणाली, "एकदा म्हटली गो बाय. ज्यासाठी म्हनायची त्यासाठी म्हटली."

म्होरक्याची धाकटी सून मात्र गाते. चांगला आवाज आहे, जात्याच गोड, आणि तिला शिकायचं आहे. तिनं मला स्वतः येऊन सांगितलं, सासऱ्यासमोर. तो म्हणतो, वहिनीचं वेगळं, ती म्हातारी होती. तरण्या सुनेला मी खेळ्यांत उभी करनार नाय. मी म्हणते, मग मीही या वर्षी गवळण देणार नाही. तो म्हणतो, नका देऊ, जुनी हाय आमच्याकडं. मी म्हणते, जुनीही माझीच आहे. या वळणावर आलं की तो मृदंग उचलून घरात जातो, आणि सून मागच्या दारानं मला चहा आणून देते. तिचा आवाज वहिनीपेक्षा दोन पट्ट्या वर जातो. मी तिला शिकवायला सुरुवात केलेली आहे.